खड्ड्याला पैसे मिळतात, पाण्याला कोण देणार?

पोस्ट मोठी आहे, आधीच सांगून ठेवतो. ज्यांच्या शेतात शेततळं आहे, घरामागे मासोळीचं टाकं आहे, किंवा यंदा अर्ज भरायचा विचार आहे, त्यांनी शेवटपर्यंत वाचावी. बाकीच्यांनी निदान दोरीचा भाग तरी वाचा. तो जिवाचा विषय आहे.

मागच्या आठवड्यात देवळीवरून गावाकडे येत होतो. रस्त्याच्या कडेला जेवढी शेततळी दिसली तेवढी सहज मोजली. सात. त्यातल्या दोनांत पाणी होतं आणि त्या दोन्हींत काळं प्लास्टिक अंथरलेलं होतं. बाकी पाच कोरडी. एकात बकऱ्या चरत होत्या. एप्रिल लागला आहे, अजून मे जायचा आहे. शेततळं बांधलं ते याच दिवसांसाठी ना? मग याच दिवसांत ते कोरडं असेल तर आपण नेमकं काय बांधलं?

२०१६ साली 'मागेल त्याला शेततळे' ही योजना आली तेव्हा मीही टाळ्या वाजवणाऱ्यांपैकी होतो. अनुदान जास्तीत जास्त ५० हजार होतं, पुढे ते ७५ हजार झालं. योजना वाईट नाही. कोरडवाहू कास्तकाराला, ज्याचं सगळं कापूस-सोयाबीन-तुरीवर आणि आभाळावर आहे, त्याला दोन संरक्षित पाणी मिळालं तर वर्ष निघून जातं. पण अनुदान मिळतं ते खोदकामाला. लांबी, रुंदी, खोली मोजली, फोटो काढला, बिल निघालं. त्या खड्ड्यात मार्चमध्ये पाणी आहे की नाही, हे पाहायला कोणी येत नाही. अस्तरीकरण म्हणजे तळाला आणि बाजूंना पाणी न झिरपू देणारं काहीतरी घालणं, हा महाडीबीटीवर वेगळा घटक आहे. त्याचा अर्ज वेगळा, नंबर लागणं वेगळं. खड्डा यंदा होतो आणि अस्तर कधी होईल याचा भरवसा नसतो.

आता पाणी जातं कुठं, ते पाहू.

आपल्या जिल्ह्याची जमीन काळी. काळी माती ओली असली की पाणी सोडत नाही, हे आपल्याला लहानपणापासून माहीत आहे. पावसाळ्यात चप्पल रुतली की हातानं काढावी लागते. तिच्यात माँटमोरिलोनाइट नावाचं खनिज असतं. ते पाणी पिऊन फुगतं. तळ्यांची गळती बंद करायला जगभर जी बेंटोनाइट माती विकत आणून टाकतात, तिच्यातही मुख्य खनिज हेच. म्हणजे लोक जी माती पैसे देऊन आणतात, तिची भावंडं आपल्या पायाखाली फुकट पडलेली आहेत.

मग शेततळं गळतं काऊन? कारण आपण दहा फूट खोल जातो. वरची काळी माती कुठं तीन फूट, कुठं पाच फूट, कुठं त्याहून जास्त. तिच्याखाली मुरूम लागतो, म्हणजे झिजलेला काळा दगड. मुरमाला फटी असतात आणि तो पाणी धरत नाही. जेसीबीवाला वरची काळी माती काढून बांधावर टाकतो आणि तळ मुरमाचा ठेवतो. पाणी धरणारी माती गेली बाहेर आणि पाणी सोडणारा मुरूम आला आत! तळ्याचं बिल मात्र पूर्ण निघालं.

त्यावर उन्हाचा हिशेब आहेच. ३० मीटर बाय ३० मीटरच्या तळ्याची वरची पसरण ९०० चौरस मीटर. आपल्याकडच्या उन्हाळ्यात दिवसाला एक सेंटिमीटर पाणी उडून जाणं काही विशेष नाही. एक सेंटिमीटर म्हणजे ९ हजार लिटर, रोज. हे पाणी अस्तर घालूनही वाचत नाही. म्हणून जमिनीत जाणारं आणि उन्हात उडणारं, हे दोन्ही वेगळं मोजावं लागतं.

मोजायचं कसं? कुठलं यंत्र लागत नाही. एक बादली पाण्यानं भरा आणि तळ्यात किंवा टाक्यात पायरीवर अशी ठेवा की बादलीचं बूड पाण्यात राहील, पण काठ पाण्याच्या वर. बादलीच्या आत पाण्याची खूण करा. तळ्याच्या काठावर खुंटी ठोकून तिथंही खूण करा. पाऊस नसलेल्या दिवसांत चोवीस तासांनी दोन्ही पाहा. बादलीतलं जेवढं उतरलं तेवढं ऊन घेऊन गेलं. तळ्याचं त्याहून जास्त उतरलं असेल तर वरचा फरक गळतीचा. बस, एवढंच. ही बादली मला दोन वर्षं आधी सुचली असती तर माझे चाळीसेक हजार वाचले असते. ती गोष्टही सांगतो, कारण फायबरग्लासबद्दल मला बरेच जण विचारतात.

घरामागे सांदवाडीत आम्ही मासोळीसाठी टाकं बांधलं. २० फूट लांब, १० फूट रुंद, ४ फूट खोल. विटा-सिमेंटचं, अर्धं जमिनीत, अर्धं वर. साडेबावीस हजार लिटरच्या आसपास पाणी. हौस होती, आणि घरच्या ताटात महिन्यातून दोनदा स्वतःची रोहू-कटला यावी एवढाच हिशेब. पहिल्याच उन्हाळ्यात पाणी रोज दोन इंच उतरायला लागलं. या टाक्यात दोन इंच म्हणजे साडेनऊशे लिटर. आमच्या घरी नळाचं पाणी दिवसाआड येते. बायको म्हणाली, "मासोया राहू द्या, आधी मले सांगा, हे पाणी कोणाच्या विहिरीत चाललं?"

गिलावा तीनदा केला. तीनदा चीर गेली, आणि तीही त्याच जागी. बाबा खाटेवरून पाहत होते. शेवटी म्हणाले, "काळी माती जिती असते रे. उनाळ्यात तोंड वासते, पावसाळ्यात मिटवते. तिच्या तोंडात शिमिट देशीन तर ते चावूनच टाकन." खरं तेच होतं. पाया खोदताना काळी माती काढून मुरूम भरायला पाहिजे होता आणि भिंतीच्या बाहेरूनही हातभर मुरूम द्यायला पाहिजे होता. घर बांधताना आपण हे करतो. टाक्याला कोण एवढं करते, असं म्हणून मीच टाळलं.

मग कोणीतरी फायबरग्लास सुचवलं. काचेच्या बारीक धाग्यांची चटई, ज्याला कामगार मॅट म्हणतात, ती रेझिनमध्ये भिजवून भिंतीवर बसवतात. रेझिन वाळलं की टणक, सलग, बिनसांध्याचं कवच तयार होतं. कोकणात लाकडी होड्यांच्या जागी फायबरच्या होड्या आल्या, त्या याच पद्धतीच्या. भुवनेश्वरला गोड्या पाण्यातल्या मत्स्यपालनाची केंद्रीय संशोधन संस्था आहे, तिनं तर मत्स्यबीज तयार करायची अख्खी हॅचरीच फायबरची बनवली, उचलून कुठंही नेता येईल अशी. म्हणजे माशांना फायबर चालतं, यात शंका नाही. चुकलं ते आमच्या कामात.

ज्या माणसानं काम घेतलं त्यानं ते जुलैत केलं, दोन पावसांच्या मधल्या उघडिपीत. भिंती वरून कोरड्या दिसत होत्या, आतून ओल्या होत्या. रेझिन ओल्याला धरत नाही. ऑगस्टमध्ये मी टाकं धुवायला म्हणून रिकामं केलं. बाहेरची माती पाण्यानं तुडुंब, आत टाकं रिकामं. बाहेरच्या पाण्याचा सगळा दाब तळावर आला आणि फायबर पापडासारखं फुगून वर आलं. कारागिराला फोन केला तर तो म्हणे, तुम्ही टाकं रिकामं काऊन केलं? त्याचंही चूक नव्हतं आणि माझंही नव्हतं. हे दोघांनाही कोणी सांगितलं नव्हतं. पैसे मात्र माझे गेले.

दुसऱ्या वेळी एप्रिल-मे मध्ये केलं, शिकून केलं. काय शिकलो ते लिहून ठेवतो, कोणाच्या कामी आलं तर बरं.

टाकं पूर्ण वाळलं पाहिजे. खात्री करायची तर हातभर प्लास्टिकचा तुकडा चारी बाजूंनी टेप लावून भिंतीवर चिकटवा आणि एक दिवस तसाच ठेवा. आतून घाम आला तर भिंत ओली आहे, थांबा. चीर असेल तर आधी ती उकरून भरा. पाया हलत असेल तर फायबरही फाटेल, ते काही जादू नाही. तळ आणि भिंत जिथं भेटतात तो कोपरा गिलाव्यानं गोल करून घ्या, कारण मॅट काटकोनात वळत नाही, तिथं पोकळी राहते. रेझिन घेताना दुकानात दोन प्रकार सांगतात, जीपी आणि आयसो. सतत पाण्यात राहणाऱ्या कामाला आयसो घ्या, थोडं महाग आहे पण पाण्यात टिकतं. मॅटचे दोन थर द्या, रोलर फिरवून हवेचा एकेक बुडबुडा काढा, वरून जेलकोट.

आणि हे अगदी ध्यानात ठेवा. रेझिनसोबत कोबाल्टचा प्रवेगक आणि हार्डनर अशा दोन बाटल्या येतात. त्या दोन बाटल्यांतलं द्रव्य एकमेकांत थेट कधीच मिसळायचं नाही. आग लागते, स्फोटही होऊ शकतो. आधी एक रेझिनमध्ये पूर्ण घोटायचं, मग दुसरं. काम करताना हातमोजे आणि मास्क पाहिजे. लहान लेकरांना त्या दोन दिवसांत सांदवाडीत फिरकू द्यायचं नाही.

काम झालं की वास जाईपर्यंत उन्हात उघडं ठेवा. मग भरा, काही दिवस ठेवा, पाणी सोडून द्या, पुन्हा भरा. आम्ही असं तीनदा केलं, तीन आठवडे गेले. पहिल्या वेळी चार दिवसांत बोटुकली सोडली होती आणि सकाळी अर्धी वर तरंगत होती. घाई केली तर असंच होणार. आणि पावसाळ्यात जमिनीतलं टाकं रिकामं करू नका, ते तर सांगितलंच.

आता आमच्या टाक्यातलं पाणी बादलीतल्या पाण्याइतकंच उतरतं. म्हणजे गळती शून्य. वर अर्ध्या भागात शेडनेट टाकलं, त्यानं उडणारंही कमी झालं. खाली बसलेलं घाण पाणी पाइपानं काढून वांगी-टमाट्याला देतो. मासोळी किती निघाली असं विचाराल, तर धंदा होईल एवढी नाही. हवा देणारी मोटर नसेल तर एवढ्या टाक्यात पन्नास-साठच्या वर मासे सोडू नयेत, हे मीही दोनशे सोडून शिकलो.

हे सगळं वाचून काही जण म्हणतील, मग शेततळ्यालाही फायबरच करू. तर नाही. कृपा करून नाही. ३० बाय ३० च्या, तीन मीटर खोल तळ्याला तळ आणि उतार मिळून हजारावर चौरस मीटर अस्तर लागतं. काठावर गाडायचा भाग धरला तर अकराशे-बाराशे. मला फायबर चौरस फुटाला शंभराच्या आसपास पडलं. शेजारच्या भाऊंनी शेततळ्याला ५०० मायक्रॉनचा कागद घातला, तो चौरस मीटरला शंभराच्या आसपास पडला. एका चौरस मीटरमध्ये पावणेअकरा चौरस फूट असतात. हिशेब तुम्हीच करा. शिवाय फायबर टणक असतं. मातीच्या अंगावर ते बसवलं आणि माती उन्हाळ्यात सरकली की ते तडकणारच. हलणाऱ्या मातीला वाकणारा कागद आणि न हलणाऱ्या टाक्याला टणक फायबर, एवढी साधी विभागणी आहे. पत्र्याच्या रिंगणात ताडपत्री घालून बायोफ्लॉक करतात तो तिसरा प्रकार, पण त्याला चोवीस तास हवा लागते आणि आपल्याकडे वीज कशी असते ते मी कशाला सांगू.

आणि प्रत्येक तळ्याला अस्तर पाहिजेच असंही नाही. हा मुद्दा मला फार महत्त्वाचा वाटतो. आर्वी तालुक्यातलं काकडदरा गाव २०१७ च्या वॉटर कपमध्ये राज्यात पहिलं आलं. त्यांनी काय केलं? डोंगरउतारावर पाणी अडवलं आणि जमिनीत जिरवलं. तिथं पाणी जमिनीत गेलं पाहिजे, हाच तर उद्देश होता. तुमचं शेततळं तुमच्या विहिरीच्या वरच्या अंगाला असेल, आणि जानेवारीत ते आटलं पण विहिरीला पाणी वाढलं, तर ते गळकं तळं नाही, ते विहिरीचं दूध आहे. त्याला प्लास्टिक घालणं म्हणजे विहिरीचं तोंड बांधणं.

उलट बाजूही पाहा. नाशिककडे, जालन्याकडे द्राक्ष-डाळिंबाच्या बागांसाठी मोठमोठी अस्तर घातलेली तळी झाली. बागा जगल्या, पैसाही आला, हे खरं. पण बऱ्याच ठिकाणी ही तळी पावसाच्या पाण्यानं भरत नाहीत, हिवाळ्यात विहिरी-बोअर उपसून भरतात. ज्याची मोटर मोठी त्याचं तळं भरतं, खालच्याची विहीर आटते, आणि जमिनीखाली सावलीत असलेलं पाणी उघड्यावर आणून उन्हाला दिलं जातं. आपण सेवाग्रामच्या जिल्ह्यात राहतो. जवळपास जे मिळतं त्यात घर उभं करा, हे इथल्या मातीच्या कुट्यांनी दाखवून दिलं. मी काही प्लास्टिकचा शत्रू नाही. फायबरवाला माणूस कसला शत्रू! पण आधी मातीला विचारा, मग दुकानात जा.

मातीला विचारायचं म्हणजे काय? 'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' मध्ये तलावांचा गाळ आपण शेतात टाकतो. तोच चिकण गाळ तळ्याच्या मुरमाड तळावर अर्ध्या-अर्ध्या फुटाच्या थरांत पसरून, पाणी मारून, रोलरनं दाबला तर झिरपणं बरंच कमी होतं. एकच अट, तळ पूर्ण वाळू द्यायचा नाही, नाहीतर भेगा पडतात. ज्याच्या तळ्यात मे पर्यंत फूटभर तरी पाणी राहतं त्याला हे पुरतं. ज्याचं तळं दरवर्षी पूर्ण आटतं आणि ज्याला मासोळी किंवा भाजीपाला करायचा आहे, त्याला कागदच घालावा लागेल.

आता दोरीचा भाग.

मागच्या दिवाळीनंतरची गोष्ट. शेजारच्या भाऊंच्या तळ्यातला मोटरचा फुटबॉल अडकला होता. ते गावाला गेले होते, मी म्हटलं मीच पाहतो. अस्तराच्या काठावर पाय ठेवला आणि सरळ आत. कागदावर पाण्याखाली शेवाळ धरतं, ते तेलासारखं असतं. तळ्याचा उतार एकास एक, म्हणजे पंचेचाळीस अंश. कागदाला नख लागत नाही, पाय धरत नाही. मला पोहता येतं. वर्धा नदीत लहानपण गेलं. तरी मी काठापर्यंत येत होतो आणि घसरून पुन्हा पाण्यात जात होतो. सात-आठ वेळा झालं. मग दम लागला. मोटरचा पाइप हाताला लागला म्हणून त्याला धरून राहिलो, वीस-पंचवीस मिनिटं, बाजूच्या वावरातून कापूस वेचणाऱ्या बाया येईपर्यंत. त्यांनी लुगड्याचा पदर आणि पऱ्हाट्या ओढायची दोरी बांधून मला ओढलं. त्यातल्या एका मावशीनं नंतर विचारलं, "भाऊ, एवढे पैसे घातले तळ्याले, तं दहा रुपयाची दोरी काऊन नाही बांधली?"

मला उत्तर देता आलं नाही. अजूनही नाही.

दर उन्हाळ्यात पेपरात बातम्या येतात. शेततळ्यात पडून लेकरं गेली, एकाला काढायला गेलेला दुसराही गेला, मायलेकी गेल्या. राज्यभर हे होतं आणि आपण ती 'दुर्दैवी घटना' म्हणून पान उलटतो. त्यात दैवाचा भाग कमी आहे, उताराचा आणि शेवाळाचा जास्त. मातीच्या तळ्यात पडलेला माणूस हातपाय मारत वर येतो, जनावरही येतं. अस्तराच्या तळ्यात पट्टीचा पोहणाराही येत नाही. म्हणजे अस्तर घातलं की तळ्याचं रूप बदललं, ते आता विहिरीइतकं धोक्याचं झालं. विहिरीला आपण कठडा बांधतो. तळ्याला काय बांधतो?

खर्च किती? चारही बाजूंनी एकेक गाठी मारलेली जाड दोरी, काठावरच्या खुंट्याला पक्की बांधलेली, पाण्यात सोडलेली. एका कोपऱ्यात जुन्या टायरची शिडी. पाण्यावर एक हवा भरलेली ट्यूब. चहूबाजूंनी तारेचं कुंपण आणि फाटक, ते तसंही लागतंच, कारण रोही आणि रानडुक्कर पाण्यावर आले की खुरांनी कागद फाडतात. कुंपणानं कागदही वाचतो, लेकरूही वाचतं. कागदाच्या खर्चापुढे दोरी-टायरचा खर्च काहीच नाही.

तर माझं म्हणणं थोडक्यात असं आहे.

एक, अर्जात उद्देश विचारा. पाणी जिरवायचं आहे की साठवायचं? जिरवायचं असेल तर अस्तर नको, जागा विहिरीच्या वर पाहा. साठवायचं असेल तर खड्डा आणि अस्तर एकाच मंजुरीत द्या. अर्धं काम मंजूर करून पाच वर्षं कोरडा खड्डा दाखवण्यात कोणाचंच भलं नाही.

दोन, खोदण्याआधी एक लहान खड्डा खणून मुरूम किती फुटांवर आहे ते लिहा. काळी माती वेगळी ठेवायला जेसीबीवाल्याला सांगा आणि तळाला तीच परत टाका. याला जास्तीचा पैसा लागत नाही, लक्ष लागतं.

तीन, अनुदानाचा थोडा भाग मार्चसाठी राखून ठेवा. मार्चमध्ये बादली ठेवून पाहा. साठवणीच्या तळ्यात पाणी असेल तर उरलेले पैसे द्या. मग पाहा, काम किती पक्कं होतं ते.

चार, दोरी, शिडी आणि कुंपणाचा फोटो असल्याशिवाय अस्तरीकरणाचं शेवटचं बिल काढू नका. आणि जी तळी आधीच झाली, त्यांना ग्रामपंचायतीनं या उन्हाळ्याच्या आत दोऱ्या लावाव्यात. यासाठी कोणाच्या मंजुरीची वाट पाहायची गरज नाही.

पाच, घरामागच्या टाक्यांकडेही पाहा. प्रधानमंत्री मत्स्य संपदा योजनेत महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींना ६० टक्के, इतरांना ४० टक्के अनुदानाची तरतूद झाली. सांदवाडीतलं टाकं बाईच्या हातातलं असतं, तिथं वावराच्या सातबाऱ्याचा प्रश्न येत नाही. पण शिकवणार कोण? सेलसुऱ्याला कृषी विज्ञान केंद्र आहे, नागपूरला मत्स्य विज्ञान महाविद्यालय आहे. फायबरचं काम, पाण्याची तपासणी, किती मासे सोडायचे, याचं दोन दिवसांचं प्रशिक्षण गावात झालं तर माझ्यासारखे चाळीस हजार कोणाचे जाणार नाहीत. आणि प्रत्येक तालुक्यातल्या चार-दोन पोरांना फायबरचं काम नीट शिकवलं तर त्यांच्याही हाताला काम लागेल.

काही मित्र म्हणतील, एवढं सगळं शासनावर ढकलायचं, आपण काय करायचं? बरोबर आहे. म्हणून सुरुवात माझ्यापासून केली. शेजारच्या भाऊंच्या तळ्याला चार दोऱ्या बांधल्या, दोघांनी मिळून, एका सकाळी. गाठी हातभर अंतरावर मारल्या, लहान लेकराचा हात पुरेल अशा. त्या मावशींना बोलावून दाखवल्या. त्यांनी दोरी ओढून पाहिली आणि म्हणाल्या, "आता झालं तळं."

१ मे ला ग्रामसभा आहे. हे पाच मुद्दे मी लेखी देणार आहे. तुमच्या गावातही द्या, पाहिजे तर हीच पोस्ट छापून न्या, माझं नाव काढून टाकलं तरी चालेल. आणि ग्रामसभेला अजून वेळ आहे, दोरीला नाही. आज संध्याकाळी वावरात जाल तेव्हा जाताना घेऊन जा.